एका अंशाला चौदा लिटर

अमरावतीबाहेरच्या एका पंपावर मे महिन्यातल्या भर दुपारी पेट्रोलचा टँकर येऊन उभा राहिला. इंजिन बंद झालं, चाकांखाली ठोकळे गेले, आग विझवायचा सिलिंडर जवळ आणून ठेवला, अर्थिंगची तार जोडली. क्लीनर पाइप घेऊन तयार. फक्त कुलूप उघडेना. टँकरला इलेक्ट्रॉनिक कुलूप होतं आणि ते उघडायचा ओटीपी गेला होता पंपमालकाच्या मोबाइलवर. मालक नागपूरला लग्नात, फोन सायलेंटवर. बारा हजार लिटर पेट्रोल, मॅनेजर, चालक, क्लीनर आणि पंपावरची दोन पोरं असा सगळा लवाजमा तिकडची पंगत कधी उठते याची वाट पाहत थांबला.

चालक मूर्तिजापूरकडचा, पन्नाशीतला. तो चिडला नाही. लिंबाच्या सावलीत जाऊन बसला, गळ्यातल्या दुपट्ट्यानं तोंड पुसलं आणि म्हणाला, "मालकाचं घरून चालते. साहेबाचंही घरून चालते. आपलं नाई चालत, भाऊ."

त्याची गाडी भरते गायगावला. अकोला जिल्ह्यात, बाळापूर तालुक्यात, मुंबई–हावडा लोहमार्गावर अकोला आणि पारस यांच्या मधलं हे स्टेशन. मेल गाड्यांतल्या प्रवाशांनी नाव वाचायच्या आत ते मागे पडतं. पण इथल्या डेपोंमध्ये इंधन उतरतं आणि टँकरनं वऱ्हाडभर जातं. या भागात तेलाची विहीर नाही, रिफायनरी नाही. तेलाच्या धंद्याचं इथलं रूप म्हणजे डेपो, टँकर आणि पंप. घरून काम, अर्धं ऑफिस अर्धं घर, असली भाषा या धंद्यातही आली ती मार्च २०२० च्या टाळेबंदीपासून. कार्यालयांतली बिलं, हिशेब, बैठका लॅपटॉपवर गेल्या. इंधन अत्यावश्यक सेवेत असल्यामुळे डेपो आणि पंप उघडेच राहिले. त्या एप्रिलमध्ये देशातली पेट्रोलची विक्री आदल्या वर्षाच्या एप्रिलपेक्षा साधारण ६० टक्क्यांनी घसरली होती. फेऱ्या कमी झाल्या, पण ज्या झाल्या त्या कुणीतरी स्टिअरिंगवर बसूनच केल्या.

दुरून काम करायची या धंद्याला खरी गरज मात्र कोरोनानं दाखवली नाही. ती दाखवली जयपूरनं. २९ ऑक्टोबर २००९ च्या संध्याकाळी सीतापुऱ्यातल्या इंडियन ऑइलच्या टर्मिनलवर एका टाकीतून पेट्रोल दुसरीकडे पाठवण्याची तयारी चालू असताना झडपेतून ते उसळून बाहेर यायला लागलं. सव्वा तासाच्या आसपास ते वाहत राहिलं. वाफ इतकी दाटली की झडपेजवळ जाऊन ती बंद करणं कुणालाच जमेना, आणि दूर उभं राहून ती बंद करायची काही सोय चालू स्थितीत नव्हती. मग स्फोट झाला, माणसं गेली, टाक्या दहा दिवसांहून जास्त जळत राहिल्या. चौकशीसाठी नेमलेल्या एम. बी. लाल समितीनं ज्या सुधारणा सुचवल्या, त्यांत टाकीची झडप नियंत्रण कक्षातून बंद करता आली पाहिजे ही एक ठळक सूचना होती. आज डेपोतला ऑपरेटर काचेमागे, एसीत बसून बटण दाबतो. त्या बटणामागे जयपूर आहे. गाडी भरतानाही तसंच. अर्थिंगची तार नीट लागली नसेल तर मीटर सुरूच होत नाही, मग चालकानं कितीही घाई करो.

हे झालं माणसाला धोक्यापासून दूर ठेवणारं यंत्र. माणसावर नजर ठेवणारं यंत्र वेगळं. टँकरला जीपीएस असतं. ठरलेला रस्ता सोडला, नको तिथे थांबा घेतला, वेग वाढला की कुठल्या तरी पडद्यावर खूण उमटते. भारत पेट्रोलियमनं तर 'आयरिस' नावाचं केंद्रच उभारलंय. पंप, डेपो, टँकर एकाच ठिकाणाहून दिसावेत यासाठी. मूर्तिजापूरचा चालक चहाला थांबला तरी फोन येतो. "गाडी काऊन उभी हाय?" विचारणारा आवाज दरवेळी वेगळा असतो, असं तो सांगतो. त्यातला एकही माणूस त्यानं पाहिलेला नाही.

या नजरेमागेही कारण आहे, आणि ते महाराष्ट्रातलंच आहे. २५ जानेवारी २०११ रोजी मनमाडजवळ मालेगावचे अपर जिल्हाधिकारी यशवंत सोनवणे यांना तेलभेसळ करणाऱ्या टोळीनं जिवंत जाळलं. त्या दिवसानंतर टँकरच्या कुलपाला नुसतं कुलूप म्हणणं अवघड झालं. भेसळ आणि वाटेतली चोरी रोखायची तर झडप ठरल्या ठिकाणीच उघडली पाहिजे, हे कुणीही मान्य करील. प्रश्न एवढाच, की संशयाचा सगळा भार त्या साखळीतल्या सर्वांत कमी पगाराच्या माणसावर येऊन पडतो.

ओटीपी आला तेव्हा दुपार कलायला लागली होती. कुलूप टकदिशी उघडलं आणि मग जे सुरू झालं ते कुठल्याच पडद्यावर नीट दिसत नाही.

चालक शिडीनं टँकरवर चढला. झाकण उघडताच पेट्रोलचा वास तापलेल्या हवेत लाटेसारखा अंगावर आला. लहानपणी हा वास आवडलेल्या माणसालाही त्या उन्हात मळमळावं असा. वरचा पत्रा इतका तापलेला की तळहात टेकवत नाही. त्यानं दुपट्ट्याची घडी गुडघ्याखाली घेतली. वैधमापन विभागाचा शिक्का असलेला डीप रॉड त्यानं आधी कोरडा पुसला, उभा धरून हळूच आत सोडला, तळाला टेकू दिला आणि वर काढला. पेट्रोलची ओली खूण त्या उन्हात धातूवर क्षणभरच टिकते. डोळे बारीक करून त्यानं आकडा वाचला. मॅनेजरला दिसावा म्हणून रॉड पुन्हा बुडवून दाखवला. दोघांनी चलनावरच्या आकड्याशी ताडून पाहिलं. मग पुढचा कप्पा. मग त्याच्या पुढचा.

खाली मॅनेजरनं काचेच्या उभ्या भांड्यात नमुना घेतला, हायड्रोमीटर तरंगवला, तापमान पाहिलं आणि तक्त्यावरून १५ अंशांची डेन्सिटी काढली. तेलाचे हिशेब जुळवायला १५ अंश सेल्सिअस हे ठरवून घेतलेलं तापमान आहे. वऱ्हाडात १५ अंश म्हणजे हिवाळ्यातली पहाट; मे महिन्यात इथे पारा ४५ च्या वर जातो. चलनावरची डेन्सिटी आणि पंपावरची यांत तीनपेक्षा जास्त फरक निघाला तर गाडी खाली करत नाहीत. या वेळी फरक एकाच्या आत होता.

"एका अंशाला चौदा लिटर," मॅनेजर म्हणाला.

हिशेब बरोबर आहे. पेट्रोल एका अंशाला हजारात साधारण सव्वा लिटरच्या आतबाहेर फुगतं किंवा आकसतं. बारा हजारांच्या गाडीला चौदा लिटर. डिसेंबरात दुपारी भरलेली गाडी रात्रभर थंडीत उभी राहिली आणि माल तीन अंशांनी उतरला, तर कुणी थेंब न चोरताही चाळीसेक लिटर कमी भरतात. उन्हाळ्यात वाटेत माल फुगतो म्हणून वर जागा सोडलेली असते. तोच जमिनीखालच्या टाकीत निवला की आकसतो. हे सगळं शाळेतलं पदार्थविज्ञान. पण चौदा लिटरांचे पैसे कुणाचे, हा पदार्थविज्ञानाचा प्रश्न नाही. मालक मॅनेजरकडे बघतो, मॅनेजर वाहतूकदाराकडे, वाहतूकदार चालकाकडे. "कुलूप मोबाइलवर उघडते," चालक म्हणाला, "पण माल कमी भरला त मोबाइलले कोण इचारते? मलेच इचारते."

पंपाच्या टाकीत आता मोजणारी यंत्रं आली आहेत. किती माल, तळाशी पाणी किती, हे ऑफिसातल्या पडद्यावर दिसतं आणि कंपनीलाही. तरी पावसाळ्यात मॅनेजर रॉडच्या टोकाला पाणी दाखवणारी पेस्ट लावून तळ तपासतोच. पेट्रोलमध्ये इथेनॉल मिसळायला लागल्यापासून ही धास्ती वाढली आहे. इथेनॉल पाणी ओढून घेतं, आणि पाणी जास्त झालं तर पेट्रोलपासून वेगळं होऊन तळाशी बसतं. अशा मालावर दुचाकी बंद पडली तर माणूस सर्व्हरकडे जात नाही. तो ढकलत ढकलत पंपावर येतो.

काही गोष्टी दुरून होऊ लागल्या हे बरंच झालं. १६ जून २०१७ पासून देशभर इंधनाचे भाव रोज सकाळी सहाला बदलू लागले. सुरुवातीला पहाटे उठून यंत्रांत आकडे भरायचे; ऑटोमेशन असलेल्या पंपावर आता ते वरूनच बदलतात आणि रात्रपाळीचं पोरगं तेवढी झोप काढतं. रस्ताही सुधारला. अकोला–अमरावती महामार्गानं वर्षानुवर्षं गाड्यांचे पाटे मोडले. जून २०२२ मध्ये त्याच रस्त्यावर ७५ किलोमीटर डांबरीकरण १०५ तास ३३ मिनिटांत उरकून गिनीजचा विक्रम झाला. चालकाला या विक्रमाचं कौतुक आहे. जीपीएसवाल्यांनी त्यानंतर पोहोचायची वेळ कमी केली, त्याचं नाही.

१ जानेवारी २०२४ ला चालकांनी गाड्या उभ्या केल्या. अपघात करून पळून जाणाऱ्या चालकाला दहा वर्षांपर्यंत शिक्षेची तरतूद भारतीय न्याय संहितेच्या कलम १०६ (२) मध्ये होती. त्याविरुद्ध देशभर चक्का जाम झाला. मनमाडजवळच्या पानेवाडीतून टँकर निघेनात, विदर्भात पंपांवर रात्री उशिरापर्यंत दुचाक्यांच्या रांगा लागल्या. अमरावतीच्या या पंपावर टाकी किती वेगानं रिकामी होतेय, हे पडदा अगदी बिनचूक दाखवत होता. इंडेंट, म्हणजे मालाची मागणी, भरलेली होती, पैसे गेलेले होते. २ जानेवारीच्या रात्री केंद्रीय गृहसचिवांशी वाहतूकदारांच्या संघटनेची बैठक झाली, चर्चा केल्याशिवाय ते कलम लागू करणार नाही असं सांगण्यात आलं आणि गाड्या हलल्या. १ जुलै २०२४ ला संहिता लागू झाली तेव्हा तेवढं पोटकलम बाजूला ठेवलेलं होतं. मूर्तिजापूरच्या चालकाला कलमाचा आकडा पाठ आहे. संपाच्या त्या दोन दिवसांत गाडी का उभी आहे हे विचारायला एकही फोन आला नाही, हेही तो न विसरता सांगतो.