चंदावरकरांची गाणी मोजू नका

संगीतकाराची थोरवी आपण त्याच्या गाण्यांवरून ठरवतो. भास्कर चंदावरकर (१९३६-२००९) यांच्या बाबतीत हे माप अपुरं पडतं. ‘सामना’ चित्रपटाची गाणी आजही आवडीने ऐकली जातात, हे खरंच. पण त्यांच्या कामाचा खरा विस्तार इतरत्र आहे: कर्नाड-कारंतांचा कन्नड ‘वंशवृक्ष’, कुमार शहानींचा ‘मायादर्पण’, के. जी. जॉर्ज यांचा मल्याळम ‘स्वप्नाडनम’, मृणाल सेन यांचा ‘खंडहर’, अपर्णा सेन यांचा बंगाली ‘परमा’ आणि २००४ सालचा आपला ‘श्वास’. पुण्याच्या माणसाला एवढे वेगवेगळ्या भाषांतले दिग्दर्शक बोलावतात, ते हिट चालींसाठी नव्हे. प्रसंगाला संगीत देणाऱ्याला भाषेची वेस आडवी येत नाही. ब्राझीलचे संगीतकार आंतोनियो पिंतोही ‘सेंट्रल दो ब्राझील’ आणि ‘सिटी ऑफ गॉड’नंतर ‘सेना’, ‘एमी’ अशा ब्रिटिश माहितीपटांपर्यंत पोचले, ते याच वाटेने.

हे काम नेमकं काय असतं? समजा, वागळे इस्टेटमधला कारखाना बंद पडलाय आणि जुना कामगार त्या गेटवरून चाललाय. व्हायोलिनचा ताफा लावला की प्रेक्षकाचे डोळे भरतात, पण कामगाराचं दुःख बाजूला राहून संगीताचंच दुःख ऐकू येतं. त्याऐवजी थांबलेल्या यंत्राची शांतता तशीच ठेवायची, की तिच्यात एकच स्वर सोडायचा आणि तो कितव्या सेकंदाला, हा निर्णय म्हणजे पार्श्वसंगीत. चंदावरकर रविशंकरांकडे सतार शिकलेले आणि पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये वर्षानुवर्षं शिकवणारे. स्वर आणि संकलन या दोन्हींची जाण एका माणसात असणं दुर्मीळच. ‘श्वास’मध्ये नातवाचे डोळे जाणार हे आजोबांना कळलेलं असतं. तिथे रडवणारं संगीत अगदी सोपं होतं. त्या मोहापासून दूर राहिलेला संयम मला त्यांच्या कुठल्याही चालीइतका मोठा वाटतो.

यावर कुणी म्हणेल, लक्षात न येणारं संगीत हेच उत्तम पार्श्वसंगीत, मग त्याचा गाजावाजा कशाला? प्रेक्षकाने चित्रपटगृहात ते विसरावं, हे मान्य. समीक्षकाने, अभ्यासकाने, पुरस्कार देणाऱ्याने विसरणं मान्य नाही. आणखी एक आक्षेप असा की मराठी मन नाट्यसंगीतावर पोसलेलं, त्याला गाणंच हवं. पण याच प्रेक्षकाने १९७२ मध्ये रंगभूमीवर आलेला, चंदावरकरांचंच संगीत असलेला ‘घाशीराम कोतवाल’ डोक्यावर घेतला. तिथलं गाणं नाटक थांबवून येत नाही, नाटकच पुढे नेतं. म्हणजे कान तयार आहेत. कमी पडते ती नोंद. राष्ट्रीय पुरस्कारांत पार्श्वसंगीताला नियमित स्वतंत्र स्थान मिळालं, ते २००९ च्या चित्रपटांपासून. चंदावरकर त्याच वर्षी जुलैत गेले.