सैतानांचा हजेरीपट

युरोपातला प्रबोधनकाळ म्हटला की आपल्याला लिओनार्दो आठवतो, मायकेलअँजेलो आठवतो. पण त्याच काळातल्या छापखान्यांतून चेटकीण कशी ओळखावी, तिच्याकडून कबुली कशी काढावी, याचीही पुस्तके निघत होती. हाइनरिश क्रामर या जर्मन धर्मगुरूचे ‘चेटकिणींवरचा हातोडा’ हे पुस्तक १४८६च्या सुमारास आले. चेटुकाच्या आरोपाखाली युरोपात एकंदर ४० ते ६० हजार माणसे मारली गेली, असा आजच्या इतिहासकारांचा अंदाज आहे. त्यांत बायकाच जास्त.

योहान वायरला हे पाहवले नाही. तो क्लीव्ह्जच्या ड्यूकचा वैद्य. १५६३ साली बाझेलला छापलेल्या ग्रंथात त्याने लिहिले, की या म्हाताऱ्या आजारी आहेत. त्यांना वैद्य हवा, चिता नव्हे. सैतान नाहीच, असे म्हणण्यापर्यंत तो गेला नाही. (सोळाव्या शतकात कोण जाणार?) सैतान आहे, पण तोच या दुबळ्या बायकांना भ्रमात पाडतो, मग गुन्हा त्यांचा कसा? ज्याँ बोदँ हा फ्रान्सचा नामांकित कायदेपंडित यावर असा खवळला, की १५८०च्या आपल्या पुस्तकात त्याने वायरचे खंडन शेवटी मुद्दाम जोडले.

पोथ्या बाळगणाऱ्या मांत्रिकांची मात्र वायर गय करत नव्हता. १५७७ साली त्याने ग्रंथाला एक पुरवणी जोडली. त्यांच्याच पोथीतून उचललेली ६९ सैतानांची यादी. नाव, हुद्दा, हाताखालची फौज. बेल हा राजा. डोकी तीन, बेडकाचे, माणसाचे आणि मांजराचे. दिमतीला ६६ पलटणी. एका पलटणीत ६,६६६! जन्म बँकेत घालवलेल्या माझ्यासारख्याला हे थेट लेजरच वाटते. मांत्रिकांचा पोरकटपणा चव्हाट्यावर यावा, हा वायरचा हेतू. कोणी प्रयोग करून पाहू नये म्हणून मधला काही मजकूर त्याने गाळलाही. चेकवर मोकळी जागा राहिली की आम्ही तिथे रेघ ओढत असू. वायरने ती ओढली नाही.

१५८४ साली रेजिनाल्ड स्कॉटने ही यादी इंग्रजीत आणली, तीही खिल्ली उडवायलाच. पण सतराव्या शतकातल्या ‘गोएशिया’ या मंत्रपोथीत हीच मंडळी ७२ होऊन बसली, आणि प्रत्येकाला एकेक मुद्राही मिळाली. १९०४ साली अॅलिस्टर क्रॉलीने ती पोथी छापली. आता मुलांच्या व्हिडिओ गेममध्येही यातली नावे भेटतात. ज्या ग्रंथाची ही पुरवणी, तो फ्रॉइडने १९०७ साली सर्वांत महत्त्वाच्या दहा पुस्तकांत धरला होता. तो आता अभ्यासकांपुरताच उरला आहे.