एका टक्क्याची शंका

खालच्या थरातल्या तीन संत्र्यांमध्ये जी खळगी पडते, तीत वरचे संत्रे बसवायचे, हे फळवाल्याला कुणी शिकवावे लागत नाही. सारख्या आकाराचे गोल याहून दाट रचताच येत नाहीत, असे योहानेस केप्लरने १६११ साली हिमकणांवरच्या एका छोट्या पुस्तिकेत लिहिले. या रचनेत सुमारे ७४.०५ टक्के जागा भरते. पण सिद्धता द्यायला त्यानंतर जवळजवळ चार शतके लागली.

इतकी का? नियमित, जाळीसारख्या रचनांपुरते उत्तर गाउसने १८३१ मध्येच दिले होते. खरी अडचण होती वेड्यावाकड्या रचनांची, आणि ती फसवी आहे. एका गोलाभोवती बारा गोल असे ठेवता येतात की तेवढ्यापुरती दाटी ७५ टक्क्यांच्या वर जाते. मात्र तोच घाट पुढे चालवू गेले की फटी पडतात. मग कुठेतरी एखादी विचित्र रचना केप्लरला हरवणार नाही कशावरून? हंगेरीच्या लास्लो फेयेश टोथ यांनी १९५३ मध्ये दाखवले, की हा अनंत पसारा मोजक्या, तरीही प्रचंड आकडेमोडीवर आणता येईल.

ती आकडेमोड अमेरिकेच्या थॉमस हेल्स यांनी सॅम्युअल फर्ग्युसन या विद्यार्थ्याच्या साथीने १९९८ मध्ये पुरी केली. अडीचशे पानांच्या युक्तिवादासोबत संगणकाच्या आज्ञावल्या आणि विदा मिळून तीन गिगाबाइटचा ऐवज होता. बारा परीक्षकांनी चार वर्षे खपून कौल दिला: सिद्धता बरोबर असल्याची ९९ टक्के खात्री आहे.

लेख छापून आला, मान मिळाला. दुसरा कुणी तिथेच थांबला असता. हेल्स यांनी उरलेला एक टक्का मनावर घेतला. गणिताबद्दलची निष्ठा मला सर्वांत ठळक दिसते ती इथे. प्रत्येक पायरी तर्काच्या मूळ नियमांपर्यंत उलगडून संगणकाकडून तपासून घ्यायची, असे त्यांनी ठरवले. हे काम २०१४ च्या ऑगस्टमध्ये संपले. या तपासणीवर २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या लेखावर बावीस जणांची नावे आहेत.

दरम्यान २०१६ मध्ये युक्रेनच्या मरीना व्याझोव्स्का यांनी हाच प्रश्न आठ मितींत अवघ्या काही पानांत सोडवला. लगेच सहकाऱ्यांसह चोवीस मितींतही. चार मितींतले उत्तर मात्र अजून कुणाला सिद्ध करता आलेले नाही.