पाठलागाचे तारे

रंगीत माशांच्या दुकानात जरा वेळ उभं राहिलं की एक वाक्य हमखास कानावर पडतं: "कोईची एक जोडी द्या." लव्हबर्ड मागावेत तशी मागणी. दुकानदार जाळी टाकतो, चार इंचांचे दोन मासे पिशवीत घेतो, ऑक्सिजन भरून रबर लावतो आणि 'जोडी' घरी जाते. पण एवढ्या लहान कोईत नर कुठला आणि मादी कुठली, हे त्या दुकानदारालाच काय, जपानमधल्या निगाताच्या डोंगरात पिढ्यान् पिढ्या हेच मासे वाढवणाऱ्यालाही नुसतं बघून सांगता येत नाही. कोई लहान असताना आपली ओळख देतच नाही. आणि मोठी झाल्यावर देते, तेव्हा ती आपल्याला वाचता येत नाही. या न वाचता येण्यापायी धडधाकट मासे औषधाच्या पाण्यात जातात आणि खरे आजारी मासे कौतुकात राहतात, म्हणून हा लेख.

थंडी सरत आली होती, तेव्हा एका स्नेह्यांचा घाबऱ्या घाबऱ्या फोन आला. त्यांच्या अंगणात सिमेंटचा हौद आहे, त्यात सात कोई. त्यातल्या दोघांच्या गालांवर पांढरे ठिपके उठले होते. पांढऱ्या ठिपक्यांचा रोग मासे पाळणाऱ्या प्रत्येकाला ऐकून माहीत असतो, त्यामुळे निळ्या औषधाची बाटली त्यांनी आणूनही ठेवली होती. मी म्हटलं, बाटली उघडू नका, येतोच.

एक मासा पाण्यासकट टबात घेतला. हात ओला करून त्याच्या छातीच्या पराच्या पुढच्या कडेवरून, म्हणजे जिथे सगळ्यांत जाड काटा असतो तिथून, अंगठा हलकेच फिरवला. बारीक खरखर लागली, मांजराने हात चाटावा तशी. कल्ल्यांवरच्या झाकणावरही तेच. ठिपके विखुरलेले नव्हते, बहुतेक एका ओळीत होते, टणक होते आणि गाल व पर सोडून अंगावर कुठेही नव्हते. मग हौदातला सगळ्यांत जाडजूड मासा घेतला. त्याचा पर रेशमासारखा गुळगुळीत. "तुमचे हे दोघं आजारी नाहीत," मी म्हटलं, "वयात आलेत."

जपानी भाषेत या ठिपक्यांना 'ओइबोशी' म्हणतात. 'ओइ' म्हणजे पाठलाग आणि 'होशी' म्हणजे तारा. पाठलागाचे तारे! ज्या कुणी हे नाव ठेवलं, त्याने पहाटे तळ्याकाठी बसून नर मादीच्या मागे कसे लागतात ते नीट पाहिलेलं असणार. विणीचा हंगाम जवळ आला की नराच्या शरीरात पुरुष-संप्रेरकं वाढतात, आणि त्वचेचा सगळ्यांत वरचा थर जागोजागी टणक होऊन असे उंचवटे येतात. त्यांत केराटिन असतं, आपल्या नखांत असतं तेच. हंगाम संपला की ते झडून जातात आणि गाल पुन्हा सपाट होतात. म्हणून एरवी गुळगुळीत गाल दिसला की लगेच 'मादी' म्हणायची घाई करू नये.

खरा पांढऱ्या ठिपक्यांचा रोग एका सूक्ष्म परजीवीमुळे होतो. त्यात अंगभर, शेपटीवर, सगळीकडे मीठ भुरभुरल्यासारखं दिसतं. मासा हौदाच्या भिंतीला अंग घासतो, मलूल होतो, कल्ले भराभर हलवतो. ओइबोशी आलेला नर मात्र दाणा टाकला की सगळ्यांच्या आधी वर येतो. एवढा फरक डोळ्यांपुढे ठेवला तर निम्म्या बाटल्या उघडाव्या लागणार नाहीत.

ही खरखर एकट्या कोईची नाही. कोई म्हणजे शेवटी रंगीत कार्प. उजनीच्या पाण्यात ज्याला आपले मच्छीमार सायप्रिनस म्हणतात, त्याच्या अगदी जवळच्या नात्यातली. रोहू, कटला, मृगळ हेही याच कुळातले. मत्स्यबीज केंद्रावर काम करणारी माणसं हंगामात हौदातून मासा उचलला की पहिल्यांदा पराखालून बोट फिरवतात आणि खरबरीत लागला की नर म्हणून बाजूला काढतात. 10 जुलै 1957 रोजी ओडिशातल्या अंगुळ इथे डॉ. हिरालाल चौधरी आणि त्यांचे सहकारी के. एच. अलिकुन्ही यांनी पीयूष ग्रंथीचा अर्क टोचून आपल्या कार्प माशांची वीण घडवून आणली. त्यातूनच देशभरची मत्स्यबीज केंद्रं उभी राहिली, आणि तो दिवस आज राष्ट्रीय मत्स्यशेतकरी दिन म्हणून पाळतात. त्या पद्धतीत मादीला दोनदा टोचतात, नराला एकदाच. नर-मादी ओळखण्यात चूक झाली तर सगळा खटाटोप पाण्यात जातो. म्हणून बोटांना आलेलं हे ज्ञान तिथे फार मोलाचं.

आता मादीकडे येऊ. मासळीबाजारात जाणाऱ्याला गाबोळी माहीत असतेच. कोईच्या मादीची ओळखही तिथेच, पोटात. पूर्ण भरलेल्या मादीत अंड्यांचं वजन तिच्या शरीराच्या पाचव्या हिश्श्यापर्यंत जातं, आणि एका किलोमागे अंडी साधारण एक लाखाच्या घरात. एवढा ऐवज लपणार कुठे? वरून पाहिलं तर नर चातीसारखा दिसतो, डोक्यापासून शेपटीपर्यंत सारखा निमुळता. मादी मधे फुगते, कधी एका बाजूला जरा जास्तच. तिचे छातीचे पर टोकाला गोलसर असतात, नराचे थोडे टोकदार आणि पुढच्या काट्याला जाड. मादीला उताणी करून पाहिलं तर मलद्वारापाशी गुलाबीसर, किंचित बाहेर आलेला उंचवटा दिसतो. नराची तीच जागा आत दबलेली असते. तिथे अलगद दाब दिला तर हंगामातल्या नराच्या अंगातून दुधासारखा थेंब येतो. पण हे हात बसलेल्यांचं काम आहे. घरी कुणी पोट दाबून पाहू नये, आतले अवयव दुखावतात.

इथे दुसरी फसगत होते, आणि ती मला जास्त काळजीची वाटते. फुगलेलं पोट पाहून लोक आनंदाने सांगतात, "आमची कोई गाभण आहे." कोई अंडी घालते, गाभण राहत नाही. शब्दाचं सोडून देऊ, पण प्रत्येक फुगलेलं पोट गाबोळीचंच नसतं. मूत्रपिंड बिघडलं की शरीरात पाणी साठतं आणि खवले उभे राहतात. वरून मासा सीताफळासारखा दिसायला लागतो. अंड्यांनी भरलेल्या मादीचे खवले अंगाला चिकटून असतात, ती खाते, फिरते. खवले उभे राहिले, डोळे बाहेर आले, मासा कोपऱ्यात थांबला, तर बारशाची तयारी थांबवून माशांच्या डॉक्टरला गाठावं, त्याच दिवशी.

मग लहानपणी काहीच का कळत नाही? नर-मादी ठरलेलं तर अंडं फळतानाच असतं, आपल्यासारखंच. मादी एक्सएक्स, नर एक्सवाय. पण कार्पच्या सुमारे शंभर गुणसूत्रांमध्ये एक्स आणि वाय सूक्ष्मदर्शकाखाली वेगळे दिसत नाहीत, आणि पिल्लाच्या पोटातल्या प्रजननग्रंथी कितीतरी दिवस कुठलंच रूप घेत नाहीत. बाहेरच्या खुणा तर संप्रेरकं चढल्यावरच्या. जपानच्या थंड पाण्यात नर साधारण दुसऱ्या वर्षी आणि मादी तिसऱ्या-चौथ्या वर्षी वयात येते. आपल्या उबदार पाण्यात हे सगळं बरंच आधी होतं.

निगातात कोईचं वय मोजायला वेगळेच शब्द आहेत: पहिल्या वर्षाचा तोसाई, दुसऱ्याचा निसाई, तिसऱ्याचा सान्साई. भातशेतीच्या तळ्यांत हिवाळ्याची बेगमी म्हणून पाळलेल्या काळ्या कार्पमध्ये एकोणिसाव्या शतकात कधीतरी लाल-पांढरी पिल्लं निघाली आणि गावकऱ्यांनी ती जपली, तिथून हा सगळा पसारा. 1914 च्या तोक्योतल्या प्रदर्शनात ते मासे पहिल्यांदा बाहेरच्या जगाने पाहिले. आज या बाजारात मादीला मान आहे, कारण ती नरापेक्षा लांब आणि रुंद वाढते. 2018 मध्ये हिरोशिमातल्या लिलावात 'एस लेजंड' नावाच्या कोहाकू जातीच्या मादीला 20 कोटी 30 लाख येन मिळाले. नराचे रंग मात्र लवकर भरतात, लवकर गडद होतात. अंगणातल्या लहान हौदासाठी मला नरच आवडतो. थोड्या जागेत सुखाने राहतो आणि पिवळ्या उन्हात डोळ्याचं पारणं फेडतो.

स्नेह्यांना मी जलपर्णीचे दोन झुबके हौदात सोडायला सांगितले होते. तीन आठवड्यांनी त्यांनी पहाटे बोलावलं. पाणी नुसतं उकळत होतं. ती जाड मादी पुढे आणि ते दोन नर तिच्या दोन्ही कुशींना गाल भिडवून तिला मुळांच्या जाळीत रेटत होते. ते खरबरीत तारे कशासाठी, हे त्या वेळी डोळ्यांपुढे होतं: निसरड्या अंगाला धरून राहण्यासाठी, ढुशीला धार यावी म्हणून. तिच्या कुशीवरचे दोन-तीन खवले निघालेही होते. तासाभरात मुळं मोहरीएवढ्या चिकट, काचेसारख्या अंड्यांनी भरली.

झुबके लगेच उचलून वेगळ्या टाकीत नेले, कारण कोईला स्वतःची अंडी खाताना काही वाटत नाही. मादीलाही वेगळं ठेवलं, नाहीतर नर तिला दिवसभर सोडत नाहीत. दुसऱ्या दिवशी काही अंडी दुधाळ पांढरी पडली, ती फळलेली नव्हती. बाकीच्यांत तिसऱ्या दिवशी भिंगातून दोन काळे ठिपके दिसले, डोळे. चौथ्या सकाळी टाकीच्या भिंतीला आणि मुळांना पापणीच्या केसाएवढी पिल्लं चिकटून लोंबत होती, पोटाला बलकाची पिशवी घेऊन.

"यात नर किती असतील हो?" स्नेह्यांनी भिंग न काढताच विचारलं. मी त्यांना पुढच्या वर्षीची थंडी सरेपर्यंत थांबायला सांगितलं.