घरच्या संगणकावर रेसिंग: असेट्टो कोर्साची मांडणी आणि मॉड्स

यवतमाळ जिल्ह्यातल्या घाटंजीहून सर्वांत जवळचा फॉर्म्युला वनच्या तोडीचा ट्रॅक म्हणजे ग्रेटर नोएडाचा बुद्ध इंटरनॅशनल सर्किट. रस्त्याने तो हजार किलोमीटरच्या वर लांब आहे. घरच्या टेबलावर मात्र तोच ट्रॅक उतरवता येतो, आणि त्यासाठी फार महागडा संगणकही लागत नाही. लागतो तो थोडा धीर आणि कामांचा योग्य क्रम. बहुतेकांची गाडी अडते ती क्रम चुकल्यामुळे: खेळ नीट चालतो का हे पाहण्याआधीच पंचवीस मॉड्स टाकलेले असतात, आणि मग बिघाड नेमका कुठे आहे ते सापडत नाही.

मॉड म्हणजे हौशी किंवा व्यावसायिक मंडळींनी मूळ खेळात घालण्यासाठी स्वतंत्रपणे बनवलेली भर. ती एखादी गाडी असेल, ट्रॅक असेल, पाऊस-ढगांचे हवामान असेल. सिम्युलेटर म्हणजे टायरची पकड, वजनाचा झोल, ब्रेकची उष्णता यांचे गणित मांडून खऱ्या गाडीसारखे वागणारा खेळ.

या लेखासाठी आपण असेट्टो कोर्सा घेऊ. इटलीच्या कुनोस सिम्युलाझिओनी या कंपनीने तो डिसेंबर २०१४ मध्ये पूर्ण स्वरूपात आणला. वय झाले असले तरी जुन्या संगणकावर तो चालतो, आणि मॉड्सचा एवढा मोठा साठा दुसऱ्या कुठल्या रेसिंग खेळाला क्वचितच असेल. खरेदी करताना एक फरक लक्षात ठेवावा. याच कंपनीचा असेट्टो कोर्सा कॉम्पेटिझिओने हा २०१९ चा खेळ वेगळा आहे. तो उत्तम आहे, पण त्यात बाहेरच्या गाड्या आणि ट्रॅक घालण्याची सोय नाही. नावाच्या सारखेपणामुळे अनेक जण तोच विकत घेतात. शक्य असेल तर मूळ खेळाची अल्टिमेट आवृत्ती घ्यावी, कारण तिच्यात कंपनीचे सगळे जोडसंच एकत्र मिळतात. त्याचा उपयोग पुढे कळेल.

स्टीम या खेळांच्या ऑनलाइन दुकानावरून खेळ उतरवताना डिस्कवर १५ जीबी जागा तर हवीच, पण मॉड्स धरून ५० जीबी मोकळी ठेवलेली बरी. मोबाइल डेटावर रोजची मर्यादा असेल तर हे काम ब्रॉडबँड असलेल्या मित्राकडे उरकावे. उतरवताना लाइन गेली तर घाबरू नये. लाइन आल्यावर स्टीम राहिलेल्या जागेपासून पुढे सुरू करते. तरीही शंका असेल तर लायब्ररीत खेळाच्या नावावर उजवी क्लिक करून प्रॉपर्टीजमध्ये जावे आणि फाइल्सची पडताळणी करून घ्यावी. खराब झालेली फाइल स्टीम स्वतःच बदलते.

आता मॉड्स न टाकता खेळ एकदा तसाच चालवावा. या पहिल्या वेळी विंडोजचे आवश्यक भाग बसतात आणि डॉक्युमेंट्समध्ये खेळाचे स्वतःचे फोल्डर तयार होते. पुढची सगळी साधने हे फोल्डर शोधतात. एक साधी गाडी आणि एक छोटा ट्रॅक कायमचा ठरवून घ्यावा. अबार्थ ५०० आणि अडीच किलोमीटरचा माजिओने ही जोडी चांगली, दोन्ही मूळ खेळातच आहेत. यापुढे प्रत्येक बदल याच जोडीवर तपासायचा. गाडी आणि ट्रॅक रोज बदलले की सुधारणा झाली की बिघाड, हे सांगता येत नाही.

पुढे स्टीअरिंग. लॉजिटेक जी२९ सारखे चाक एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत ९०० अंश फिरते, थ्रस्टमास्टरची काही चाके १०८० अंश. हा आकडा चाकाच्या स्वतःच्या सॉफ्टवेअरमध्ये आणि खेळात एकच असला पाहिजे. तपासणी सोपी आहे: हातातले चाक पाव फेरी वळवा आणि पडद्यावरचे चाक पाहा. तेही पाव फेरीच वळले तर जुळले. ते जास्त वळत असेल तर दोन आकड्यांत तफावत आहे, आणि मग कितीही सराव केला तरी गाडी सरळ ठेवणे जमत नाही.

आपल्याकडे एक अडचण हमखास येते. संगणक यूपीएसवर असतो आणि चाकाचा अडॅप्टर भिंतीच्या साध्या बोर्डावर. लाइन क्षणभर जरी गेली तरी खेळ चालू राहतो आणि चाक मात्र बंद पडते. परत आल्यावर ते स्वतःहून डावीकडे-उजवीकडे पूर्ण फिरून आपले मध्य शोधते, तेव्हा त्याला हात लावू नये. हात लावला तर मध्य चुकते आणि गाडी एका बाजूला ओढते. यूपीएसची क्षमता पुरत असेल तर अडॅप्टरही त्यावरच जोडावा. चाकाची यूएसबी वायर नेहमी एकाच पोर्टात असावी, म्हणजे बटणांची ओळख विस्कटत नाही.

चाक नसेल तर गेमपॅडवरही खेळता येते. त्यासाठी स्टीअरिंगचा वेग थोडा कमी आणि हालचाल मऊ करणारा फिल्टर थोडा जास्त ठेवावा, नाहीतर अंगठा जरासा हलला तरी गाडी गर्रकन फिरते. कीबोर्डवर मात्र वेळ घालवू नये.

आता फोर्स फीडबॅक, म्हणजे रस्त्याचा जोर चाकातून हाताला जाणवून देणारी यंत्रणा. सगळ्या मांडणीत मला हा भाग सर्वांत महत्त्वाचा वाटतो, कारण पुढचे टायर पकड सोडू लागले की ते आधी हाताला कळते आणि डोळ्याला नंतर. नवखा माणूस जोर वाटावा म्हणून गेन, म्हणजे या जोराची पातळी, पूर्ण वाढवतो. लाउडस्पीकर शेवटपर्यंत वाढवला की आवाज फाटतो आणि शब्द कळत नाहीत, तसेच इथे होते: मोटरची ताकद संपते, मोठा धक्का आणि त्याहून मोठा धक्का हाताला सारखाच लागतो. याला क्लिपिंग म्हणतात.

ते ओळखायला खेळातच पेडल्स नावाची छोटी पट्टी आहे. गाडी चालवताना माउस पडद्याच्या उजव्या कडेला नेला की अशा पट्ट्यांची यादी उघडते. पेडल्समध्ये गॅस, ब्रेक, क्लच यांच्या शेजारी फोर्सचा एक दांडा असतो. तो वळणात सतत लाल होत असेल तर गेन कमी करावा. कडेच्या उंचवट्यावर चाक आदळताना क्षणभर लाल झाला तर हरकत नाही. प्रत्येक गाडीचा जोर वेगळा असतो, म्हणून गाडी चालवतानाच नंबरपॅडवरच्या अधिक-उणे बटणांनी त्या गाडीपुरता गेन बदलण्याची सोय आहे.

दुसरा आकडा मिनिमम फोर्स. दात्यांच्या गिअरवर चालणाऱ्या चाकात मध्याजवळ एक ढिली जागा असते, तिथे बारीक जोर हरवतो. जी२९ अशाच प्रकारचे आहे. हा आकडा शून्यापासून थोडा थोडा वाढवत न्यावा. सरळ रस्त्यावर हात सैल सोडल्यावर चाक आपोआप डावी-उजवीकडे थरथरू लागले की एक पाऊल मागे यावे. कर्ब, रोड आणि स्लिप हे इफेक्ट सुरुवातीला शून्यावरच असू द्यावेत. ते वरून मिसळलेले कंप आहेत, आणि टायरकडून येणारी खरी जाणीव त्यांच्याखाली दबते.

हात झाला, आता डोळा. फील्ड ऑफ व्ह्यू म्हणजे पडद्यातून आपल्याला किती अंशांचा देखावा दिसतो ते. असेट्टो कोर्सा हा कोन उभा मोजतो. तो फार मोठा ठेवला की वेग जास्त वाटतो, वळणे लांब दिसतात आणि ब्रेक कधी दाबायचा याचा अंदाज चुकत राहतो. योग्य कोन मोजून काढता येतो. २४ इंची पडद्याची उंची सुमारे ३० सेंटिमीटर असते. डोळे ६० सेंटिमीटरवर असतील तर कोन साधारण २८ अंश येतो, ७० सेंटिमीटरवर २४ अंश, ५० सेंटिमीटरवर ३३ अंश. पहिल्या दिवशी हा देखावा अरुंद वाटेल, शेजारची गाडी दिसणार नाही, तरी काही दिवस धीर धरावा. टेबल जवळ ओढून पडदा चाकाच्या अगदी मागे ठेवला तर कोनही वाढतो आणि पैसेही लागत नाहीत.

ग्राफिक्सबाबत थोडक्यात. चित्र सेकंदाला किमान ६० वेळा बदलावे. कमी पडत असेल तर आधी आरशांची आणि सावल्यांची गुणवत्ता उतरवावी, मग गाडीवरची प्रतिबिंबे. खेळाच्या भौतिकीचे गणित सेकंदाला ३३३ वेळा होते आणि ते काम ग्राफिक्स कार्डाचे नाही, प्रोसेसरचे आहे. सीपीयू ९९ टक्क्यांवर गेल्याची सूचना पडद्यावर दिसली तर प्रतिस्पर्धी गाड्यांची संख्या कमी करावी. पडद्याचे रिझोल्यूशन कमी करून तो त्रास जात नाही.

खेळ पहिली दहा-पंधरा मिनिटे गुळगुळीत आणि नंतर अडखळत चालत असेल तर दोष बहुधा सेटिंगचा नाही, उष्णतेचा असतो. मे महिन्यात यवतमाळ जिल्ह्यात पारा ४४-४५ अंशांवर असतो, तेव्हा दुपारी लॅपटॉपकडून अपेक्षा करू नये. कुलरची ओली हवा थेट संगणकाच्या डब्यावर येऊ देऊ नये. कापसाच्या हंगामात हवेतली बारीक तूस पंख्याच्या जाळीत घट्ट बसते, म्हणून हंगाम संपल्यावर डबा उघडून मऊ ब्रशने साफ करावा. लॅपटॉपमध्ये दोन ग्राफिक्स असतील तर विंडोजच्या ग्राफिक्स सेटिंगमध्ये जाऊन खेळासाठी ताकदवान कार्ड निवडावे.

इथवर सगळे नीट चालत असेल तरच मॉड्सकडे वळावे. पहिले साधन म्हणजे कंटेंट मॅनेजर. हे खेळाचे पर्यायी दार आहे: गाड्या, ट्रॅक, सेटिंग सगळे एका ठिकाणी दिसते. मोफत आवृत्ती पुष्कळ पुरते. पहिल्यांदा उघडल्यावर ते खेळाचे मूळ फोल्डर विचारते. तिथे स्टीमॲप्सच्या कॉमनमधले असेट्टोकोर्सा हे फोल्डर दाखवावे, डॉक्युमेंट्समधले नव्हे. ही गफलत फार वेळा होते.

दुसरे साधन कस्टम शेडर्स पॅच, म्हणजे खेळाचा प्रकाश, हवामान आणि काही अंशी भौतिकी सुधारणारा जोड. तो कंटेंट मॅनेजरच्या सेटिंगमधूनच बसवता येतो. सर्वांत नवी चाचणी आवृत्ती घेण्याचा मोह टाळून स्थिर आवृत्ती घ्यावी. पॅच टाकल्यावर खेळ उघडलाच नाही, तर खेळाच्या मूळ फोल्डरमधली डीराइट नावाची डीएलएल फाइल शोधून तिचे नाव बदलावे. पॅच तेवढ्यापुरता बंद होतो आणि खेळ पूर्वीसारखा उघडतो. मग दुसरी आवृत्ती बसवून पाहावी.

मॉड्स कुठून घ्यावेत? ओव्हरटेक हे संकेतस्थळ, म्हणजे पूर्वीचे रेसडिपार्टमेंट, जुने आणि भरवशाचे आहे. तिथे बनवणाऱ्याचे नाव, आवृत्ती आणि वापरणाऱ्यांचे अभिप्राय दिसतात. कुणीतरी चॅटवर पाठवलेल्या दुव्यावरची फाइल टाळावी. गाडीच्या संचात चालवण्याचा प्रोग्राम, म्हणजे ईएक्सई फाइल, असेल तर तो संच तिथेच पुसून टाकावा. गाडीला तिची गरज नसते. दुसऱ्या खेळातून उचललेल्या गाड्याही पुष्कळ फिरतात. त्या दिसायला देखण्या असतात, पण चालवताना टायरचे गणित पोकळ निघते, आणि मूळ कारागिराची मेहनत चोरलेली असते ती वेगळीच.

बसवण्याची रीत सोपी. उतरवलेली दाबलेली फाइल न उघडता कंटेंट मॅनेजरवर ओढून सोडावी. तो आत काय आहे ते ओळखतो आणि आपण होकार दिला की योग्य जागी ठेवतो. हाताने ठेवायचे असेल तर गाडी कंटेंटमधल्या कार्स फोल्डरमध्ये, ट्रॅक ट्रॅक्समध्ये. इथे नेहमीची चूक म्हणजे फोल्डरच्या आत त्याच नावाचे दुसरे फोल्डर. गाडी यादीत दिसत नाही ती बहुधा याच कारणाने.

गाडी दिसते पण आवाज नाही, असे झाले तर मॉड बनवणाऱ्याने कंपनीच्या एखाद्या जोडसंचातल्या गाडीचा आवाज वापरलेला असू शकतो. तो संच आपल्याकडे नसेल तर गाडी मुकी राहते. अल्टिमेट आवृत्तीचा उपयोग इथे होतो.

ट्रॅकच्या चाचणीला बुद्धचाच मॉड घ्या. मूळ खेळात हा ट्रॅक नाही. हर्मन टिल्के यांनी आखलेला हा ट्रॅक ५.१२५ किलोमीटरचा, १६ वळणांचा. ३० ऑक्टोबर २०११ ला इथे पहिली इंडियन ग्रांप्री झाली, २०१३ पर्यंत तीन झाल्या आणि तिन्ही सेबास्टियन व्हेटेलने जिंकल्या. मॉड उघडल्यावर आधी लांबी जुळते का ते पाहावे. तिसऱ्या वळणाकडे जाताना चढ लागला पाहिजे, त्यानंतर एक किलोमीटरहून लांब सरळ पट्टा आणि त्याच्या शेवटी जोरदार ब्रेक. दहाव्या-अकराव्या वळणाचा कल हातात जाणवायला हवा. चढ सपाट वाटला तर तो मॉड ठेवू नये, दुसऱ्याने केलेला पाहावा.

ट्रॅकवर एकटे फिरता येते पण प्रतिस्पर्धी घेतले की खेळ बंद पडतो, याची दोन कारणे असतात. एक, पिटमधल्या जागांपेक्षा जास्त गाड्या मागितल्या. दोन, संगणकाच्या गाड्यांनी ज्या रेषेवरून जायचे ती रेषा बनवणाऱ्याने आखलेलीच नाही. पहिल्याला गाड्या कमी करणे हा उपाय आहे. दुसऱ्याला नवखेपणी उपाय नाही, तो ट्रॅक सरावापुरता वापरावा.

ऑनलाइन शर्यतीत शिरताना चेकसमचा दोष दाखवून सर्व्हरने बाहेर काढले, तर आपल्याकडची गाडी किंवा ट्रॅक त्यांच्याकडच्या आवृत्तीशी अक्षरशः जुळत नाही असा अर्थ. त्यांनी दिलेल्या दुव्यावरूनच तोच मॉड पुन्हा घ्यावा.

आणि बरेच मॉड्स टाकल्यावर बिघाड सुरू झाला, पण कुणामुळे ते कळत नसेल, तर कंटेंट मॅनेजरमध्ये अर्धे मॉड्स बंद करावेत. बिघाड गेला तर दोषी त्या अर्ध्यात आहे, राहिला तर चालू असलेल्यांत. पुन्हा त्यातले अर्धे. शंभर मॉड्स असले तरी सात फेऱ्यांत दोषी सापडतो. त्याआधी डॉक्युमेंट्समधल्या खेळाच्या फोल्डरात लॉग्ज, म्हणजे खेळाने लिहिलेल्या नोंदी, पाहाव्यात. शेवटच्या ओळींत बहुतेकदा गाडीचे किंवा ट्रॅकचे नावच लिहिलेले असते.

सगळे मनासारखे जुळले की त्याच दिवशी डॉक्युमेंट्समधले असेट्टो कोर्सा हे पूर्ण फोल्डर पेनड्राइव्हवर घ्यावे. चाकाची बटणे, फोर्सचे आकडे, ग्राफिक्स, गाड्यांचे सेटअप सगळे त्यात असते आणि जागाही फार लागत नाही. मॉड्सच्या मूळ दाबलेल्या फाइल्स वेगळ्या फोल्डरमध्ये तारखेसह जपाव्यात, कारण बनवणारे कधी कधी जुनी आवृत्ती काढून टाकतात. विंडोज नव्याने टाकावे लागले तर आधी खेळ, मग हे फोल्डर, मग पॅच आणि शेवटी मॉड्स, याच क्रमाने परत ठेवावे.