विश्लेषण : विषबाधेचा रुग्ण पुन्हा तपासणीला आला, तर नोंद कशाची?

फवारणीच्या कीटकनाशकाची विषबाधा झालेला शेतमजूर आठवडाभरात बरा होऊन घरी जातो. पंधरा-वीस दिवसांनी तो पुन्हा ओपीडीत येतो. पायांना मुंग्या येतात, चालताना पाऊल नीट उचलत नाही. केस पेपरवर ‘न्यूरोपॅथी’ लिहिले जाते, गोळ्या सुरू होतात. विषाचा उल्लेख मात्र या दुसऱ्या कागदावर नसतो. अमेरिकेत हा दुवा तुटू नये म्हणून निदानाच्या कोडच्या शेवटी एक अक्षर जोडतात. ते अक्षर बरोबर लावणे हे पुणे, नवी मुंबई, हैदराबाद, चेन्नईत बसून अमेरिकी रुग्णालयांची कागदपत्रे हाताळणाऱ्या अनेक मराठी तरुण-तरुणींचे रोजचे काम आहे. आपल्या केस पेपरवर असे अक्षर नाही. त्यामुळे काय बिघडते?

निदानाला कोड कशासाठी?

डॉक्टर निदान शब्दांत लिहितात. संगणकाला, विमा कंपनीला आणि आरोग्य खात्याला मात्र ते ठरावीक खुणेत हवे असते. जागतिक आरोग्य संघटनेने त्यासाठी ‘आयसीडी’ ही आजारांची वर्गवारी केली आहे. तिची दहावी आवृत्ती १९९० मध्ये मंजूर झाली. अमेरिकेने त्या आवृत्तीत स्वतःची भर घालून ‘आयसीडी-१०-सीएम’ हा विस्तार तयार केला आणि १ ऑक्टोबर २०१५ पासून तो देशभर लागू केला.

या वर्गवारीत विषबाधेचे कोड ‘टी’ या अक्षराने सुरू होतात. टी-३६ ते टी-५० हे औषधांसाठी, तर टी-५१ ते टी-६५ हे औषध नसलेल्या पदार्थांसाठी. दुसऱ्या गटात कीटकनाशके, कार्बन मोनॉक्साइड, मद्यार्क, सापाचे विष असे सारे येते. इथे मराठीची एक गंमत आड येते. गावाकडे कीटकनाशकालाही ‘औषध’च म्हणतात. ‘त्याच्या पोटात औषध गेलं’ या वाक्यातले औषध गोळी आहे की फवारणीचे, हे डॉक्टरांनी विचारून लिहिले नाही, तर कोड चुकीच्या गटातच जाऊन बसतो.

सातवे अक्षर म्हणजे काय?

ऑरगॅनोफॉस्फेट आणि कार्बामेट गटातील कीटकनाशकांसाठी टी-६०.० हा कोड आहे. अमेरिकी पद्धतीत तो इथे संपत नाही. पाचव्या जागी काही सांगायचे नसेल तर ‘एक्स’ भरतात. ते फक्त जागा अडवण्यासाठी. सहाव्या जागी विषबाधा कशी झाली हे आकड्याने सांगतात. १ म्हणजे अपघाताने, २ म्हणजे स्वतःला इजा करण्याच्या हेतूने, ३ म्हणजे दुसऱ्याने केलेली आणि ४ म्हणजे हेतू ठरवता न आलेली. सातव्या जागी ‘ए’, ‘डी’ किंवा ‘एस’ यांपैकी एक अक्षर येते. सातवे अक्षर नसेल तर कोड अपुरा ठरतो आणि विमा कंपनीकडून दावा परत येतो.

नव्याने शिकणारे कोडर ‘ए’ म्हणजे पहिली भेट आणि ‘डी’ म्हणजे दुसरी, असा सरळ अर्थ लावतात. अमेरिकी नियमावलीत त्यासाठी वापरलेले शब्द वाचले तर तसेच वाटते. प्रत्यक्षात हे अक्षर भेटी मोजतच नाही. रुग्ण उपचाराच्या कोणत्या टप्प्यावर आहे, एवढेच ते सांगते.

विषावर प्रत्यक्ष उपचार चालू आहेत तोवर ‘ए’, मग भेट कितवीही असो. ग्रामीण रुग्णालयातून जिल्हा रुग्णालयात हलवले, डॉक्टर बदलले, तरी ‘ए’च. विष उतरले, प्रत्यक्ष उपचार संपले आणि आता फक्त प्रकृती पूर्ववत होते आहे ना हे पाहण्यासाठी रुग्ण येतो, तेव्हा ‘डी’. विषाचा तीव्र टप्पा ओलांडल्यावर त्यातूनच एखादा विकार मागे राहिला किंवा उद्भवला आणि रुग्ण त्यासाठी आला, तर ‘एस’.

एकाच रुग्णाला तिन्ही अक्षरे?

हो. ऑरगॅनोफॉस्फेटची विषबाधा हे त्याचे चांगले उदाहरण आहे, कारण हे विष शरीरात वेगवेगळ्या वेळी वेगवेगळी रूपे दाखवते. पहिल्या काही तासांत घाम, लाळ, उलट्या, बारीक झालेल्या बाहुल्या, श्वासाला त्रास. तेव्हा ॲट्रोपिन आणि प्रॅलिडॉक्सिम (बोलीत ‘पॅम’) दिले जाते. कोड ‘ए’.

साधारण २४ ते ९६ तासांनी काही रुग्णांमध्ये मान, खांदे आणि श्वासाचे स्नायू अचानक दुबळे होतात. रुग्ण सावरतोय असे नातेवाइकांना वाटत असतानाच त्याला व्हेंटिलेटर लागू शकतो. समजा, घाईने घरी नेलेला रुग्ण याच काळात परत आला. भेट दुसरी आहे, पण उपचार पुन्हा जोरात सुरू झाले आहेत. म्हणून ‘ए’च.

आता तो बरा होऊन घरी गेला आणि आठवड्याने नुसत्या तपासणीला आला. रक्तातील कोलिनएस्टरेज पुन्हा पाहिले, कामावर कधी जायचे ते सांगितले. इथे ‘डी’.

मग येतो सुरुवातीला सांगितलेला प्रसंग. काही ऑरगॅनोफॉस्फेटमुळे एक ते तीन आठवड्यांनी हातापायांच्या लांब नसांना इजा झाल्याचे दिसू लागते. सुरुवात बहुधा पायांपासून होते. या वेळी आधी नसांच्या विकाराचा कोड लिहायचा, जी-६२.२, म्हणजे विषारी पदार्थामुळे झालेली पॉलिन्यूरोपॅथी. त्यामागे विषाचा तोच जुना कोड, शेवटी ‘एस’ लावून. क्रम महत्त्वाचा आहे. आज रुग्ण ज्यासाठी आला ते आधी, ते ज्यातून आले ते नंतर. ‘एस’ला मुदत नाही. त्रास वर्षाने दिसला आणि डॉक्टरांनी तो त्या विषबाधेशी जोडला, तरी हाच मार्ग.

‘फॉलो-अप’चा वेगळा कोड नाही का?

आहे, आणि फसगत तिथेच होते. ‘झेड’ने सुरू होणारे काही कोड पाठपुराव्याच्या तपासणीसाठी आणि उपचारानंतरच्या देखभालीसाठी आहेत. केस पेपरवर ‘फॉलो-अप’ शब्द दिसला की हात तिकडे वळतो. पण जखम आणि विषबाधा यांच्या पुढील देखभालीसाठी हे कोड वापरू नयेत, असे अमेरिकी नियमावली स्पष्ट सांगते. पाठपुरावा आहे हे सातवे अक्षर सांगतेच. झेड-०९ चा अर्थ तर आजार पूर्ण बरा होऊन आता उरलेला नाही असा होतो. विषबाधेचा रुग्ण तपासणीला येतो तो बहुतेक वेळा ते अजून ठरायचे असते म्हणूनच. झेड कोडने भेटीची नोंद होते, पण कशाच्या पाठपुराव्याची ते पुसले जाते.

औषधांच्या बाबतीत आणखी एक भेद पाहावा लागतो. रक्त पातळ करणारी गोळी सांगितल्याप्रमाणेच घेतली आणि रक्तस्राव झाला, तर तो दुष्परिणाम. विसरून दुप्पट घेतली, तर विषबाधा. डॉक्टरांनी दिलेल्या गोळीसोबत मनाने दुसरी घेतली किंवा वर मद्य घेतले आणि त्यातून त्रास झाला, तर तीही विषबाधाच. पहिल्या भेटीत हा भेद चुकला की पुढच्या सगळ्या भेटींत तोच चुकीचा कोड ‘डी’ लावून पुढे सरकतो.

एका अक्षराने एवढा काय फरक पडतो?

पहिला फरक मोजणीत. अमेरिकेत औषधांच्या अतिसेवनाचे रुग्ण मोजताना प्रामुख्याने ‘ए’ असलेल्या भेटी धरतात. तपासणीला आलेल्याला चुकून ‘ए’ लावला, तर एका माणसाची विषबाधा दोनदा मोजली जाते. उलट, उपचार चालू असताना ‘डी’ लावला, तर खरी घटना मोजणीतून गळते.

दुसरा फरक रुग्णाच्या वाट्याला येतो, आणि माझ्या मते तो जास्त गंभीर आहे. २०१७ च्या खरीप हंगामात यवतमाळ जिल्ह्यात कापसावर फवारणी करताना शेकडो शेतकरी-शेतमजुरांना विषबाधा झाली, २० हून अधिक जणांचा मृत्यू झाला. मृत्यू मोजले गेले, त्यावर चौकशी झाली. वाचलेल्यांपैकी पुढच्या महिन्यांत किती जण अंधुक दिसते, हात थरथरतो, पाय बधिर झाले म्हणून दवाखान्यात गेले, हे मोजायचे तर त्यांच्या दुसऱ्या-तिसऱ्या भेटीच्या कागदावर विषाचे नाव असायला हवे.

आपल्याकडे काय पद्धत आहे?

भारतात जागतिक संघटनेची मूळ आयसीडी-१० चालते आणि तिच्यात सातवे अक्षर नाही. तिच्यात विषाच्या कोडला बाह्य कारणाचा वेगळा कोड जोडतात. कीटकनाशकाच्या अपघाती विषबाधेसाठी टी-६०.० सोबत एक्स-४८. मागे राहिलेल्या परिणामांसाठीही जागा आहे. औषधांच्या विषबाधेनंतर टी-९६ आणि इतर पदार्थांनंतर टी-९७. म्हणजे सोय नाही असे नाही. पण आपल्याकडे कोड लागतो तो मुख्यतः दाखल रुग्णांना आणि मृत्यूच्या दाखल्यांना. पाठपुराव्याची भेट होते ओपीडीत, जिथे केस पेपरवर बहुधा कोडच नसतो. दाखल असतानाची फाइल रेकॉर्ड रूममध्ये आणि रुग्ण नव्या कागदासह रांगेत.

आयसीडीची अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली आहे. तिच्यात एका निदानाला दुसरे कोड साखळीसारखे जोडता येतात. मात्र साखळीत घालायची माहिती कुणीतरी विचारून लिहावीच लागेल.

हेतूची नोंद नाजूक का?

‘चुकून पोटात गेले’ असे अनेक कुटुंबे सांगतात, आणि त्यामागे पोलिसांची भीती असते. अमेरिकी नियमानुसार कागदावर हेतूबद्दल काहीच लिहिलेले नसेल, तर कोडरने अपघात धरायचा. ‘ठरवता आले नाही’ हा पर्याय डॉक्टरांनी तसे स्पष्ट लिहिले असेल तरच. त्यामुळे गप्प राहिलेला कागद अपघाताचा ठरतो आणि पुढच्या तपासणीत कोणी मनाची विचारपूस करत नाही. स्वतःला इजा करून वाचलेल्या माणसासाठी तर घरी गेल्यानंतरचे पहिले काही आठवडे सर्वात जोखमीचे असतात.

यातली निम्मी भीती आता कायद्याने कमी केली आहे. मानसिक आरोग्य सेवा कायदा २०१७ च्या कलम ११५ नुसार आत्महत्येचा प्रयत्न करणारी व्यक्ती तीव्र ताणाखाली होती असे गृहीत धरले जाते आणि तिची काळजी घेणे, उपचार व पुनर्वसन करणे ही सरकारची जबाबदारी आहे. डॉक्टरांना खरे सांगितल्याने उपचार थांबत नाहीत. स्वतःसाठी किंवा घरातल्या कुणासाठी बोलायचे असेल तर टेली-मानसचा १४४१६ हा क्रमांक विनाशुल्क आहे.

रुग्णाने काय मागून घ्यावे?

डिस्चार्ज कार्डवर विषाचे नाव लिहिले आहे का, ते घरी निघण्यापूर्वी वाचावे. नुसते ‘पॉयझनिंग’ पुरेसे नाही. बाटलीवरच्या लेबलचा फोटो मोबाइलमध्ये असेल तर घटकाचे नाव डॉक्टरांना तिथेच लिहिता येते. दोन कीटकनाशके मिसळून फवारली असतील तर दोन्ही लेबलांचा. विष अंगावर पडले, श्वासातून गेले की पोटात, कोणत्या तारखेला, कोणता उतारा दिला आणि पुन्हा कधी यायचे, एवढे कार्डवर हवे. कार्डाचाही फोटो काढून ठेवावा, कारण कागद पावसात भिजतो, हरवतो. पुढे महिन्याने वेगळ्याच दवाखान्यात, पाय बधिर झाले म्हणून जायची वेळ आली, तरी केस पेपर काढल्यावर डॉक्टरांना पहिल्यांदा तो फोटो दाखवावा आणि ‘अमुक तारखेला हे विष अंगात गेले होते’ हे वाक्य नव्या कागदावर लिहून घ्यावे.