ड्रॅगन मेला, नाग उरला

सध्या घराघरांतल्या मुलांना ड्रॅगनने झपाटले आहे. वटवाघळासारखे पंख, तोंडातून आगीचे लोट आणि सोन्याच्या राशीवर घातलेले वेटोळे, असा हा प्राणी एकेकाळी इंग्रजी गोष्टींच्या पुस्तकापुरता होता. आता तो मोबाइलच्या पडद्यावरून परभणीच्या गल्लीबोळातही शिरला आहे. ‘आपल्या गोष्टींत ड्रॅगन का नाही हो?’ असे शेजारची मुले मला विचारतात. मी त्यांना सांगतो, नाही कसा? आहे की! फक्त त्याला पंख नाहीत, आणि आपण त्याला नाग म्हणतो.

हे मी मुलांची समजूत काढण्यासाठी सांगत नाही. बौद्ध ग्रंथ चिनी भाषेत नेताना तिथल्या पंडितांपुढे ‘नाग’ या शब्दाला प्रतिशब्द काय द्यायचा हा प्रश्न आला, तेव्हा त्यांनी ‘लुंग’ हाच शब्द वापरला. लुंग म्हणजे चीनचा ड्रॅगन. पाऊस पाडणारा, नद्यासरोवरांचा धनी. आपला नागही तसाच पाण्याचा आणि पाताळाचा राजा. अजिंठ्याच्या १९ क्रमांकाच्या लेण्याबाहेर नागराज आपल्या राणीसह ऐटीत बसला आहे. त्याला माणसाचे शरीर आहे आणि मस्तकामागे फणा आहे. कल्पनेच्या राज्यात जे काम इतरांनी ड्रॅगनकडे दिले, तेच आपण नागाकडे दिले होते. भूमी तोलून धरायची, पाणी सांभाळायचे, धनावर पहारा करायचा आणि माणसाला त्याच्या मर्यादेची आठवण द्यायची.

मात्र दोघांचे नशीब फार वेगळे निघाले.

युरोपातल्या गोष्टींत ड्रॅगन येतो तो बहुधा मरण्यासाठीच. सेंट जॉर्जची कथा प्रसिद्ध आहे. नगराबाहेरच्या तळ्यात ड्रॅगन राहतो, त्याला रोज मेंढ्या द्याव्या लागतात, मेंढ्या संपल्यावर चिठ्ठ्या टाकून मुलेबाळे द्यावी लागतात. एके दिवशी राजकन्येची पाळी येते आणि जॉर्ज धावून येतो. जर्मन वीर सीगफ्रीड ड्रॅगनला मारून त्याच्या रक्तात न्हातो. ‘बेवुल्फ’ या जुन्या इंग्रजी काव्यात खजिन्यातला एक पेला चोरीला जातो, ड्रॅगन चवताळतो, आणि त्याला मारताना म्हातारा राजाही प्राणाला मुकतो. टॉल्किन यांच्या १९३७ साली निघालेल्या ‘द हॉबिट’मधला स्मॉगही पेला चोरीला गेल्यावरच खवळतो आणि शेवटी बाणाने मरतो. ड्रॅगन मेल्याशिवाय तिकडच्या वीराला वीरपण नाही.

सेंट जॉर्जची गोष्ट वाचताना आपल्याला लगेच एकचक्रा नगरी आठवते. तिथेही रोज गाडाभर अन्न आणि एक माणूस पाठवावा लागे. पण खाणारा होता बकासुर. भीमाने त्याला मारले आणि आपण टाळ्या वाजवल्या. म्हणजे संहाराची हौस आपल्यालाही होतीच! गंमत एवढीच, की तिकडे जे एकाच प्राण्याच्या वाट्याला आले ते आपल्याकडे दोघांत वाटले गेले. मारायला राक्षस ठेवला, आणि नागाशी बोलणी केली.

कालियाचेच पाहा. यमुनेचे पाणी विषारी करणारा हा खरा आपला ड्रॅगन. कृष्ण त्याच्या फण्यांवर नाचला, पण त्याला ठार केले नाही. नागपत्न्यांनी पदर पसरला आणि कालियाला कुटुंबासह डोह सोडून रमणक द्वीपावर जायला सांगण्यात आले. वासुकीला समुद्रमंथनाची दोरी केले आणि शंकराच्या गळ्यात मानाने बसवले. शेषाच्या मस्तकावर पृथ्वी ठेवली. ‘शेष’ या शब्दाचा अर्थच मुळी उरलेला. सगळे संपल्यावरही जो उरतो तो. याला अपवाद वेदांतल्या वृत्राचा. पाणी अडवून बसलेल्या त्या अहीला इंद्राने वज्राने मारले. पण पुढच्या कथाकारांना तेही मानवले नसावे, कारण वृत्राला मारल्याबद्दल त्यांनी इंद्राच्या माथी ब्रह्महत्येचे पातक ठेवले.

महाभारत तर नागांच्या वैराने सुरू होते असे म्हटले तरी चालेल. इंद्रप्रस्थासाठी खांडववन जाळले गेले. त्यात तक्षकाची बायको मेली, मुलगा कसाबसा सुटला. पुढे तक्षकाने परीक्षिताला दंश केला. परीक्षिताच्या मुलाने, जनमेजयाने, साऱ्या सर्पकुळाचा होम मांडला. त्या सर्पसत्रातच वैशंपायनांनी जनमेजयाला भारताची कथा सांगितली. पलीकडे अग्नीत नाग पडत आहेत आणि अलीकडे कुळाच्या नाशाची कथा चालू आहे, अशी ती रचना आहे. आणि हे सत्र थांबवले कोणी? आस्तिकाने. त्याची आई नागकन्या आणि बाप ऋषी. दोन्हीकडचे रक्त अंगात असलेल्या पोराने मध्ये पडून समेट केला. इरावती कर्वे यांनी ‘युगान्त’मध्ये खांडवदाहाकडे शेतीसाठी जंगल आणि तिथले जीव जाळणे या नजरेने पाहिले आहे. आपण शेतकरी माणसे. हा मुद्दा आपल्या बांधापर्यंत येतो.

कारण हीच गोष्ट आमच्या गोदावरी-पूर्णा-दुधनेच्या काळ्या रानात बायाबापड्यांनी श्रावणात पिढ्यान्‌पिढ्या सांगितली आहे. नागपंचमीची कहाणी तुम्ही ऐकली असेल. एक शेतकरी नांगर धरतो, फाळ वारुळात घुसतो, नागाची पिले मरतात. नागीण येते, उजाड वारूळ पाहते आणि रात्री शेतकऱ्याच्या सगळ्या घराला डसते. परगावी दिलेली एक लेक तेवढी उरते. नागीण तिलाही डसायला जाते, तर त्या लेकीने पाटावर चंदनाचे नाग काढून दूध-लाह्यांचा नैवेद्य दाखवलेला. नागीण शांत होते, अमृत देते आणि माहेर पुन्हा उठून बसते. म्हणून त्या दिवशी नांगर धरायचा नाही, खणायचे नाही, चिरायचे नाही, तवा चुलीवर ठेवायचा नाही. दिंडे करायची ती उकडून.

दुसरी कहाणी माहेर नसलेल्या धाकट्या सुनेची. ती म्हणते, माझे माहेर नागाकडे. शेष मामा होऊन तिला न्यायला येतो. पाताळात नागीण बाळंत होत असताना हिच्या हातचा दिवा पडतो आणि पिलांच्या शेपट्या जळतात. मोठी झाल्यावर ती सूड घ्यायला येतात, आणि पाहतात तर ही भिंतीवर त्यांचीच चित्रे काढून ‘माझे भाऊ जिथे असतील तिथे सुखी असोत’ म्हणते आहे. भावांचा राग विरतो. आमच्याकडे बायका आदल्या दिवशी भावाचा उपवास धरतात तो याच नात्याने. मग वारुळाला जाणे, फेर, झोके, लाह्या-फुटाणे.

या दोन्ही कहाण्यांत एक करार आहे असे मला वाटते. जमीन पहिल्यांदा नागाची होती. आपण नांगर घेऊन तिच्यावर चालून गेलो आणि आपल्या हातून हत्या झाली, हे कहाणी लपवत नाही. वैर मिटवण्याची अटही ती सांगते: वर्षातला एक दिवस तरी हात आवर आणि बांधावरचे वारूळ राहू दे. ज्यांनी ही कहाणी रचली त्यांना लिहितावाचता येत नसेलही, पण शेती म्हणजे दुसऱ्याच्या घरात केलेला शिरकाव आहे, एवढे त्यांना पक्के ठाऊक होते.

आमच्या मुलखात नागाच्या खुणा जागोजागी आहेत. औंढ्याचा नागनाथ म्हणजे नागांचा नाथ. १ मे १९९९ ला हिंगोली जिल्हा वेगळा होईपर्यंत हे क्षेत्र परभणी जिल्ह्यातच होते. तिथली पिंड तळघरासारख्या लहान गाभाऱ्यात आहे, वाकून खाली उतरावे लागते. नागाच्या देवाला भेटायचे तर जमिनीखाली जायला हवे, हे मला लहानपणी अगदी रास्त वाटे. जिंतूरजवळच्या नेमगिरीच्या जैन गुंफांत फण्याखाली बसलेले पार्श्वनाथ आहेत. त्यांची कथाही अशीच. जळत्या लाकडात नागाची जोडी होरपळत होती, पार्श्वनाथांनी तिच्यावर दया केली. पुढे वैऱ्याने वादळ-पाऊस उठवला तेव्हा धरणेंद्र नागाने त्यांच्यावर फणा धरला. बुद्धावर मुचलिंदाने धरला तसाच. शैव, जैन, बौद्ध यांनी देव आपापले वेगळे मानले, पण डोक्यावरचे छत्र नागाचेच ठेवले.

अर्थात या कल्पनेच्या राज्याला काळी बाजू आहे. धनावर नाग बसतो या समजुतीपायी गुप्तधनाचे वेड मराठवाड्यात कमी नव्हते. पडक्या गढ्यांत रात्री खणणारे लोक आणि त्यांना नादी लावणारे मांत्रिक मी ऐकून आहे. त्याहून वाईट म्हणजे नाग देव ठरला की त्याचा दंशही देवाचा कोप ठरतो.

मी शाळकरी असताना आमचा सालगडी भाद्रपदात शेतातल्या आखाड्यावर भुईवर अंथरूण टाकून झोपला होता. पहाटे त्याचे पोट दुखू लागले, पापण्या जड झाल्या. अंगावर म्हणावी अशी खूण नव्हती. गावाने त्याला गाडीत घालून आधी एका देवळात नेले. तिथे लिंबाचा पाला, अंगारा, मंत्र झाले. दवाखान्यात पोचायला दुपार झाली आणि तोपर्यंत श्वास थांबला होता. ती मण्यार होती, हे मला पुष्कळ वर्षांनी या विषयावर वाचताना उमगले. मण्यार रात्री हिंडते, अंथरुणात शिरते, तिचा दंश दुखतही नाही. पुढच्या पंचमीला त्याची बायको लाह्या घेऊन वारुळाला निघाली तेव्हा माझ्या आजीला राहवले नाही. ‘तुला राग येत नाही का गं त्याचा?’ तिने विचारले. ती म्हणाली, ‘त्याचं काय चुकलं माय? अंधारात त्याला काय ठावं, माणूस हाय का भुई हाय.’

तिने करार पाळला होता. तिच्या नवऱ्याच्या बाबतीत तो मोडला आपण, शहाण्यासुरत्या माणसांनी.

२०२० साली प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अभ्यासाने २००० ते २०१९ या काळात भारतात सर्पदंशाने सुमारे १२ लाख माणसे दगावली असा अंदाज काढला. वर्षाला सरासरी ५८ हजार. बहुतेक खेड्यांतली, आणि निम्मे मृत्यू पावसाळ्यातले. जागतिक आरोग्य संघटनेने २०१७ मध्ये सर्पदंशाला उपेक्षित आजारांच्या यादीत घातले. केंद्र सरकारने २०२४ मध्ये, २०३० पर्यंत हे मृत्यू निम्म्यावर आणण्याचा आराखडा जाहीर केला. महाराष्ट्राच्या २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यात तर साप चावलेल्या माणसाला औषधोपचारापासून रोखून मंत्रतंत्र करणे हा गुन्हाच ठरवला आहे. गुप्तधनाच्या नावाने केलेले अघोरी प्रकारही त्यात आले.

तिकडे सापाची गतही बरी नाही. १९७२ च्या वन्यजीव कायद्याने त्याला संरक्षण दिले, गारुड्याची टोपली बंद झाली. पण शेतात दिसलेल्या सापावर काठी पडायची थांबत नाही. त्यात उंदरांचा कर्दनकाळ असलेली बिनविषारी धामण सर्वांत आधी मरते. बांध कोरून अरुंद झाले, वारुळे यंत्राखाली गेली. उंदीर मात्र धान्याच्या थप्पीमागे घराघरांत आले, आणि त्यांच्या मागे साप आला. आपण त्याचे घर मोडले म्हणून तो आपल्या घरी आला. कहाणीत नेमके हेच सांगितले होते!

गंमत पाहा, इतकी शतके ड्रॅगन मारून झाल्यावर पाश्चात्त्य लेखकांनाही तो जिवंत हवासा वाटू लागला आहे. केनेथ ग्रॅहम यांनी १८९८ मध्येच लढाई नको म्हणणारा ड्रॅगन रंगवला होता. २०१० मध्ये आलेल्या ‘हाउ टू ट्रेन युवर ड्रॅगन’ या चित्रपटातला मुलगा ड्रॅगनला मारायला जातो आणि त्याचा मित्र होऊन परत येतो. आमच्या धाकट्या सुनेने हे पाताळात कधीच साधले होते. फरक एवढा, की त्यांचा ड्रॅगन कल्पनेतला आहे. मैत्री केली काय, मोडली काय, कोणाचे बिघडत नाही. आपला नाग खरोखरच बांधावर राहतो. त्याच्याशी केलेला करार मोडला तर दोन्हीकडची माणसे, म्हणजे ते आणि आपण, मरतो.

हा करार नव्याने करण्यासाठी फार काही लागत नाही. रात्री रानात जाताना हाती बॅटरी आणि पायात बूट. भुईऐवजी बाज आणि नीट खोचलेली मच्छरदाणी. घराजवळ लाकूडफाटा, कचरा नको. दंश झालाच तर चिरा नको, आवळून बांधणे नको, तोंडाने विष ओढणे नको. माणसाला धीर द्यायचा, डसलेला अवयव हलू द्यायचा नाही आणि तडक सरकारी दवाखाना गाठायचा. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चारही विषारी सापांवर एकच प्रतिविष चालते, तेव्हा साप मारून सोबत नेण्याचीही गरज नाही. घरात साप निघाला तर काठीआधी सर्पमित्राला हाक मारायची. आणि दूध? साप दूध पीत नाही. ती वाटी घरातल्या लेकराला द्यावी, नागोबा रागावणार नाही.

येत्या पंचमीला घरातल्या मुलांना मोबाइल खाली ठेवायला सांगून ही कहाणी सांगा. नांगराचा फाळ वारुळात शिरतो तो भाग गाळू नका. मुले विचारतील, मग त्या नागिणीचे पुढे काय झाले? त्यांना सांगा, ती अजून बांधावरच आहे. उद्या शेतात जाताना तिथे जरा जपून पाय टाका.